खटला चालू, दुकान उघडे

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण आमच्या शेतकरी बांधवांस पाळण्यात असल्यापासून ऐकविली जाते. बांधाचा तंटा असो, विहिरीच्या पाण्याचा वाटा असो, की सावकाराचा कागद असो, गावचा शहाणा पुढे येतो आणि हीच म्हण सांगून गरिबास मुकाट्याने घरी बसवितो. परंतु दारूच्या दुकानदारास ही म्हण कोणी सांगितलेली दिसत नाही. तो एक पायरी चढतो, दुसरी चढतो, तिसरी चढतो आणि चढताना हसत असतो. कारण त्यास पक्के ठाऊक आहे की वरची प्रत्येक पायरी म्हणजे खालच्या दुकानाचे आणखी काही महिने. खटला हरला तरी मधल्या काळातील गल्ला कोणी परत मागत नाही. वाचकहो, आज आम्ही लिहितो ते ह्याच हसण्याविषयी.

दारू वाईट, हे येथे सांगत बसण्याचे कारण नाही. ज्या माउलीची जोंधळ्याची पाटी, मुलाचे दप्तर आणि गळ्यातला मणी एकामागून एक दुकानात गेला, तिला आम्ही काय उपदेश करावा? तिला उपदेश नको, कायदा हवा. आणि कायदा नाही असेही नाही. कायदा आहे, परंतु तो अशा बेताने केला आहे की गावास एकच दरवाजा आणि दुकानास दहा.

प्रथम गावाचा दरवाजा पाहू. सन 2008 च्या सरकारी आदेशाप्रमाणे गावातील किंवा शहराच्या वॉर्डातील परवान्याचे दुकान बंद करावयाचे असेल, तर तेथील स्त्री मतदारांपैकी निदान चौथा हिस्सा बायांनी सह्यांचा अर्ज करावा. मग अधिकारी सह्या तपासतात. मग गुप्त मतदान होते. चिठ्ठीवर दोन चित्रे असतात, एक उभी बाटली आणि एक आडवी बाटली. आडवीवर निम्म्याहून अधिक मते पडली की दुकान बंद. ऐकावयास किती गोड! परंतु निम्म्याहून अधिक कशाच्या? पडलेल्या मतांच्या नव्हे, तर यादीत जितकी नावे आहेत तितक्यांच्या.

आम्ही मुलांना गणित शिकविणारी माणसे. तेव्हा हे गणित फळ्यावरच मांडू. समजा, एका गावी यादीत 1000 बायांची नावे आहेत. त्यांतील कित्येक ऊसतोडीस गेल्या, कित्येक पोटासाठी पुण्या-मुंबईस राहिल्या, काही लेकी लग्न होऊन सासरी गेल्या पण नाव माहेरच्याच यादीत राहिले आणि काही तर देवाघरी गेल्या. मतदानास आल्या 500. त्यांतील 490 जणींनी बाटली आडवी केली, 10 जणींनी उभी ठेविली. शाळेतील लहान पोरसुद्धा सांगेल की गाव जिंकले. पण सरकारी गणितात गाव हरले! कारण 501 मते हवी होती. म्हणजे जी बाई मेली, तिचे मत दुकानाला. जी उसाच्या फडात कोयता चालवीत आहे, तिचेही मत दुकानाला. आता आम्ही विचारतो, गावचा सरपंच, तालुक्याचा आमदार, जिल्ह्याचा खासदार, ह्यांपैकी कोणास यादीतील निम्म्या नावांची मते मिळवावी लागतात काय? मुळीच नाही. पडलेल्या मतांत दुसऱ्यापेक्षा एक मत जास्त मिळाले की गळ्यात हार. राज्य चालविण्यास जे गणित पुरते, ते दुकान बंद करण्यास का पुरू नये?

असो. तरीही गावच्या बाया हे डोंगर चढतात आणि जिंकतात. जिल्हाधिकारी दुकान बंद करण्याचा हुकूम काढतात. गावात गुलाल उडतो, देवळात नारळ फुटतो. आणि येथूनच दुकानाच्या दहा दरवाजांची गोष्ट सुरू होते.

आमच्या राज्यात दारूबंदीचा मूळ कायदा 1949 चा. त्यात जिल्हाधिकाऱ्याच्या हुकुमावर राज्य उत्पादन शुल्क खात्याच्या आयुक्तांकडे अपील आहे. त्याच्याही वर सरकारकडे, म्हणजे व्यवहारात मंत्र्यांकडे, दाद मागता येते. तेथे न जमले तर हायकोर्टात रिट अर्ज आहे. तेथेही न जमले तर दिल्लीस सुप्रीम कोर्ट आहे. ह्या प्रत्येक ठिकाणी दुकानदाराचे पहिले मागणे एकच असते, आणि ते ‘न्याय द्या’ असे नसते. ते असते, ‘निकाल लागेपर्यंत हुकुमास स्थगिती द्या.’ स्थगिती मिळाली की त्याचे काम झाले. मग निकाल उद्या लागो की चार वर्षांनी लागो, त्यास घाई नाही.

आणि तक्रारी तरी कसल्या असतात? अमक्या सह्या जुळत नाहीत. सह्या तपासण्याची नोटीस आम्हास वेळेवर मिळाली नाही. मतदारयादी जुनी होती. दुकान शाळेजवळ आहे असे म्हणता, तर अंतर दोरी ताणून मोजले की पायवाटेने, फाटकापासून मोजले की भिंतीपासून? ज्या शाळेत आम्ही ‘मीटर’ आणि ‘सेंटिमीटर’ शिकवितो, त्याच शाळेच्या भिंतीपासूनच्या मोजणीवर कायदेपंडितांचा काथ्याकूट चालतो. त्या सबंध वादात एक प्रश्न मात्र कोणी विचारीत नाही, की शाळा सुटल्यावर पोरे कोणत्या दुकानासमोरून घरी जातात.

आता खर्चाचा हिशेब पाहा. दुकानदार वकील कोठून देतो? दुकानाच्या गल्ल्यातून. गल्ला कोठून येतो? आमच्याच कुणब्याच्या, कोष्ट्याच्या, कुंभाराच्या, सुताराच्या, मजुराच्या खिशातून. म्हणजे आमच्याच घोटाच्या पैशाने आमच्याच विरुद्ध वकील उभा राहतो! आणि गावाने वकील द्यावयाचा, तर बचत गटाच्या डब्यातून, घरोघर दहा-वीस रुपये वर्गणी काढून. तारखेस जावयाचे तर त्या दिवसाची मजुरी बुडते, एसटीचे भाडे लागते, शेरडू-करडू शेजारणीच्या स्वाधीन करावे लागते. तारीख पडली की दुकानदाराचा एक दिवस वाढतो, बाईचा एक दिवस जातो. अशा पाच-सहा तारखा झाल्या की गावची एकी विरघळते. एकीला नवरा दटावतो, दुसरीला दीर, तिसरीला दुकानदाराचा माणूस. खटला कायद्याने हरावा लागत नाही, तो थकव्याने हरतो.

येथे कोणी म्हणेल, मास्तर, तुम्ही कोर्टावर घसरलात. तसे नाही. कोर्टाने स्वतः काय म्हटले आहे तेच आम्ही पुढे ठेवितो. सन 1951 मध्ये सुप्रीम कोर्टाने बालसारा खटल्यात मुंबईच्या दारूबंदी कायद्यातील काही कलमे काढून टाकली, पण दारू बंद करण्याचा सरकारचा अधिकार कायम राखिला. सन 1954 मध्ये अजमेरच्या भरुचा खटल्यात पाच न्यायमूर्तींनी मान्य केले की हा धंदा समाजास अपायकारक असल्याने सरकार तो आवळू शकते किंवा साफ बंद करू शकते. आणि 1994 मध्ये खोडे डिस्टिलरीजच्या खटल्यात तर उघडच सांगितले की पिण्याची दारू विकणे हा कोणाही नागरिकाचा मूलभूत हक्क नव्हे. सरकारने परवाना दिला तर ती सवलत आहे, वतन नव्हे. शिवाय राज्यघटनेचे 47 वे कलम सरकारास सांगतेच की औषधाव्यतिरिक्त मादक पेये बंद करण्याचा यत्न करावा.

मग आमचा सवाल साधा आहे. जो हक्कच नव्हे, त्याच्या रक्षणास एवढी घाई का? दुकानदाराचे म्हणणे ऐकून घ्यावे, हे आम्हास मान्य आहे. चोराचेही म्हणणे ऐकतात, मग परवानेवाल्याचे का नको? त्याने अपील करावे, खुशाल करावे. परंतु ऐकून घेण्याचा हक्क निराळा आणि तोवर दुकान चालू ठेवण्याचा हक्क निराळा. मनाई हुकूम देताना कोर्ट पाहते की न भरून येणारे नुकसान कोणाचे होईल. दुकानदाराचे नुकसान रुपयांचे. तो जिंकला तर पुढे रुपये मिळवील. पण मधल्या दोन वर्षांत ज्या घरचा कर्ता गेला, ज्या पोरीची शाळा सुटली, ज्या घराचे बैल विकले गेले, त्यांची भरपाई कोणत्या निकालाने होणार? तराजू सरळ धरला तर पारडे कोणीकडे झुकते हे सांगावयास वकील लागत नाही.

खटला चालू असता दुकाने बंद ठेवता येत नाहीत, असे म्हणाल तर तेही खोटे. बिहारात 2016 च्या एप्रिलात दारूबंदी झाली. पाटण्याच्या हायकोर्टाने 30 सप्टेंबरला ती अधिसूचना रद्द केली. सरकारने 2 ऑक्टोबरला नवा कायदा अमलात आणिला, सुप्रीम कोर्टाकडे धाव घेतली आणि 7 ऑक्टोबरला त्या निकालास स्थगितीही मिळविली. आठ दिवसांत! म्हणजे स्थगिती ही दुधारी सुरी आहे. तिने दुकान उघडे राहते तसे बंदही राहते. फरक इतकाच की तेथे बाजू सरकारची होती, आणि आमच्या गावी बाजू लुगड्यातल्या बाईची आहे.

अपिलांनी हुकूम कसा झिजतो ह्याचे दुसरे उदाहरण हमरस्त्यांचे घ्या. दारू पिऊन गाडी हाकणाऱ्यांनी रस्त्यावर माणसे मारू नयेत म्हणून सुप्रीम कोर्टाने 15 डिसेंबर 2016 रोजी हुकूम दिला की राष्ट्रीय व राज्य महामार्गापासून 500 मीटरच्या आत दारूची दुकाने नकोत. लोकांस वाटले, चला, सुटलो. 31 मार्च 2017 रोजी 20,000 पर्यंत वस्तीच्या गावी हे अंतर 220 मीटर झाले. काही सरकारांनी तर रस्त्यांची जातच बदलली; काल जो महामार्ग होता तो आज शहरातला रस्ता झाला, दुकान जागचे हलले नाही! 11 जुलै 2017 रोजी खुलासा झाला की नगरपालिकांच्या हद्दीत ही बंदी नाही. 23 फेब्रुवारी 2018 रोजी ग्रामपंचायतींच्या हद्दीचा विचारही राज्य सरकारांवर सोपविला गेला. सव्वा वर्षात 500 मीटरचे काय उरले? रस्ता तोच, गाडी तीच, बाटली तीच. बदलली ती फक्त मोजपट्टी. हे अर्ज करणारे कोण होते? त्यांत अपघातात पोरका झालेला एखादा पोर होता काय?

आता सरकारबहादुरांकडे वळू. परवाना देणारे सरकार, कर घेणारे सरकार आणि अपील ऐकणारा वरिष्ठही सरकार. कुंपणच शेत खाऊ लागले तर राखणदार कोणास म्हणावे? 2025 च्या जून महिन्यात राज्य मंत्रिमंडळाने दारूवरील कर वाढविला, तेव्हा त्यातून वर्षास 14,000 कोटी रुपये अधिक येतील असा अंदाज सांगण्यात आला. ज्याच्या तिजोरीस दर बाटलीमागे वाटा मिळतो, त्यानेच बाटली आडवी करावी की उभी ठेवावी ह्याचा निवाडा करावयाचा! चंद्रपूर जिल्ह्यातील हजारो बायांनी वर्षानुवर्षे लढून 2015 च्या एप्रिलात दारूबंदी मिळविली. 2021 मध्ये ती सरकारच्या एका निर्णयाने उठली. उठविताना गावोगाव आडव्या-उभ्या बाटलीचे मतदान घेतले काय? निम्म्या यादीच्या मतांची अट तेव्हा कोठे गेली होती? बंद करावयास यादीतील प्रत्येक नाव मोजावयाचे आणि उघडावयास एक बैठक पुरे. आंधळे दळते आणि कुत्रे पीठ खाते, ते हेच.

आमच्यावर तीन आक्षेप येतात. त्यांस उत्तर देणे प्राप्त आहे.

पहिला आक्षेप असा की परवान्याचे दुकान बंद केले की हातभट्टी वाढते. हातभट्टी विष आहे, हे आम्ही नाकारीत नाही. 2015 च्या जूनमध्ये मुंबईत मालवणीस विषारी दारूने शंभरावर माणसे मेली. परंतु त्याचा अर्थ काय? हातभट्टी धरणे हे पोलिसांचे व उत्पादन शुल्क खात्याचे काम आहे. त्यांनी ते केले नाही म्हणून गावाने दुकान सोसावे, हे म्हणजे रखवालदार झोपतो म्हणून दार काढून टाकावे असे झाले. मात्र गावकऱ्यांसही आमचे सांगणे आहे की दुकान बंद करून भट्टीकडे डोळेझाक कराल, तर तुमचा लढा अर्धाच.

दुसरा आक्षेप, दारूच्या करातून शाळा चालतात. शाळामास्तर ह्या नात्याने आम्ही ह्याचे उत्तर देतो. बापाच्या दारूच्या पैशातून शाळा बांधावयाची आणि त्याच दारूपायी त्याचा पोर शाळेतून काढून उसाच्या फडात धाडावयाचा, असल्या शाळेच्या भिंती कोणासाठी? पैसा एका हाताने देऊन दुसऱ्याने दुप्पट काढून घेणे, ह्यास आमच्या गणितात उत्पन्न म्हणत नाहीत.

तिसरा आक्षेप, दुकानावर चार नोकरांचे पोट आहे. खरे आहे. त्या चौघांस दुसरा धंदा लावून देण्यास गावाने मदत करावी. परंतु चार पोटांसाठी चारशे चुली विझवाव्यात, असा हिशेब कोणत्याही पंचायतीत बसत नाही.

मग आमचे मागणे काय? चारच गोष्टी. एक, आडव्या-उभ्या बाटलीचा निकाल पडलेल्या मतांवर लागावा. दुसरी, जिल्हाधिकाऱ्याने दुकान बंद केले की अपिलाचा अंतिम निकाल लागेपर्यंत ते बंदच राहावे. तिसरी, आयुक्त आणि मंत्री ह्यांच्याकडील अपिलास मुदत असावी आणि ती संपली की खालचा हुकूम कायम समजावा. चौथी, गावाच्या पाठीमागे स्थगिती मिळू नये. अर्जदार बायांना व ग्रामपंचायतीस नोटीस देऊन, त्यांचे ऐकल्याशिवाय कोणताही हुकूम होऊ नये. ह्यात जगावेगळे काय मागितले?

सरकार हे उद्याच देईल, अशी भाबडी आशा आम्ही करीत नाही. तोवर आपल्या हाती आहे तेवढे तरी करावे. मायबहिणींनो, सह्यांचा अर्ज देण्यापूर्वी मतदारयादी हाती घ्या. मेलेल्यांची आणि सासरी गेलेल्यांची नावे रीतसर अर्ज करून कमी करून घ्या, म्हणजे निम्म्याचा डोंगर खाली येईल. मतदान ऊसतोडीच्या दिवसांत येणार नाही अशा बेताने अर्ज करा. अर्जाची, सह्यांची, ग्रामसभेच्या ठरावाची आणि जिल्हाधिकाऱ्याच्या हुकुमाची नक्कल शिक्क्यानिशी घेऊन एका पिशवीत ठेवा आणि ती पिशवी जिच्या घरचा माणूस पीत नाही तिच्या घरी ठेवा. जिंकलात की गुलालाच्या आधी कॅव्हेट लावा. कॅव्हेट म्हणजे ‘आमचे ऐकल्याशिवाय हुकूम करू नका’ असा आगाऊ अर्ज. तो 90 दिवस चालतो, पुढे पुन्हा करावा लागतो. वकिलास पैसे नाहीत म्हणून घरी बसू नका. 1987 च्या विधी सेवा कायद्याने प्रत्येक स्त्रीस, तिचे उत्पन्न कितीही असो, सरकारी खर्चाने वकील मिळण्याचा हक्क आहे; अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांसही आहे. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते, तेथे जाऊन अर्ज करावा. आणि कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग ह्या सहा जिल्ह्यांच्या लोकांस आता हायकोर्टासाठी मुंबई गाठावी लागत नाही. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरात सर्किट बेंच सुरू झाले आहे. दुकानदारास ते जितके जवळ आले, तितकेच आपणांसही आले आहे, हे विसरू नये.

हा लढा कालचा नव्हे. जोतीराव फुले पुणे नगरपालिकेचे सभासद असताना, 1880 साली, शहरात दारूच्या दुकानांस मोकळीक देण्याचा बेत झाला, तेव्हा त्यांनी नगरपालिकेच्या अध्यक्षास पत्र लिहून उघड विरोध केला. त्या वेळी परवाना परक्या सरकारचा होता, तेव्हा दोष परक्यास देता येत असे. आज परवाना आपल्याच मताने निवडलेल्या सरकारचा आहे. मग दोष कोणास द्यावयाचा?

तेव्हा ती जुनी म्हण आता गावाने टाकून द्यावी. दुकानदार कोर्टाची पायरी चढतो आहे, तोवर बायांनी खाली ओसरीत बसून राहणे हे शहाणपण नव्हे. त्यानेही चढावे, आपणही चढावे. पण तो चढत असता त्याच्या दुकानास कुलूप असले पाहिजे आणि त्या कुलपाची किल्ली गावाच्या हाती असली पाहिजे. पुढल्या निवडणुकीत जो कोणी हात जोडून दारी येईल, त्यास हार घालण्यापूर्वी एवढेच विचारा: ‘दादा, खटला चालू असताना दुकान उघडे ठेवणार की बंद?’ उत्तर ऐका आणि मगच बोटाला शाई लावा.